केस वरच्या कोर्टातून परत खाली आली, आता काय करायचं?

अपिलाचा निकाल लागला, वकिलांनी फोनवर सांगितलं की केस रिमांड झालीय, सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितलंय, आणि तुम्हाला कळेना की खूश व्हायचं की डोक्याला हात लावायचा. पोलीस कोठडीवाली रिमांड ही नव्हे, इथे केस खालच्या कोर्टाकडे परत पाठवलीय एवढंच. असं झालं की बरेच पक्षकार एकच गोष्ट धरून बसतात, हायकोर्टाने लवकर करा म्हटलंय ना, मग आता होईल आपोआप. नाही होत. तो आदेश खालच्या कोर्टात पोचतो कधी, फाईल वरून उतरते कधी, पहिली तारीख पडते कधी, या सगळ्याला कुणीतरी मागे लागावं लागतं आणि ते कुणीतरी म्हणजे तुम्ही आणि तुमचे वकील. आदेशातला "लवकर" हा शब्द तुमच्या हातात दिलेलं एक हत्यार आहे, वापरलं तर उपयोग. पहिल्यांदाच यात पडलेल्यांसाठी कामाच्या क्रमाने लिहितोय, मुख्यतः दिवाणी दाव्यांबद्दल, फौजदारीचं शेवटाकडे थोडं.

सगळ्यात आधी आदेशाचं शेवटचं पान

निकालपत्र वीस पानांचं असलं तरी तुमचं पुढचं सगळं शेवटच्या पानावर असतं, जिथे "आदेश" असं मथळ्यात लिहून खाली क्रमांकाने ओळी असतात. ते पान मोबाईलवर फोटो काढून ठेवा आणि वकिलांसमोर बसून ओळ न् ओळ समजून घ्या. कारण "परत पाठवलं" या एका वाक्यात तीन अगदी वेगळ्या गोष्टी असू शकतात.

एक म्हणजे खरी रिमांड. अपील कोर्टाने खालचा हुकूमनामा (डिक्री, म्हणजे दाव्याच्या निकालाचा औपचारिक आदेश) रद्द केला आणि दावा परत चालवायला सांगितला. सीपीसी, म्हणजे १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत हे ऑर्डर ४१ मध्ये आहे. खालच्या कोर्टाने दावा एखाद्या प्राथमिक मुद्द्यावरच, म्हणजे मुदत संपलीय, अधिकारक्षेत्र नाही वगैरे म्हणून उडवला असेल तर रूल २३, आणि पूर्ण चालवून निकाल दिलेला असूनही फेर चालवणं गरजेचं वाटलं तर रूल २३-ए, जो १९७६ च्या दुरुस्तीने आला.

दुसरी म्हणजे रूल २५. इथे अपील वरच जिवंत राहतं. खालच्या कोर्टाने एखादा वादमुद्दा, म्हणजे निकालासाठी ठरवायचा वादाचा प्रश्न, काढायचाच राहिला असेल तर वरचं कोर्ट तेवढा मुद्दा काढून खाली पाठवतं, पुरावा घ्या, निष्कर्ष लिहा आणि ठरलेल्या वेळेत आमच्याकडे परत पाठवा म्हणून. यात खाली नवीन हुकूमनामा होत नाही. निष्कर्ष वर गेला की त्यावर हरकत घ्यायला वरचं कोर्ट मुदत देतं आणि ती मुदत लोक हमखास विसरतात, कारण त्यांच्या डोक्यात अपील संपलेलं असतं.

तिसरी सगळ्यात जास्त दिसते आणि ती खरं तर रिमांडच नाही. खाली दावा चालू आहे, मनाई हुकमाचा अर्ज मंजूर किंवा नामंजूर झाला, त्यावर कुणीतरी वर गेलं, तिथे ते दोन-तीन वर्षं पडून राहिलं आणि शेवटी वरचं कोर्ट म्हणतं की आता मनाईवर भांडत बसण्यापेक्षा मूळ दावाच निकाली निघू दे, तोपर्यंत आहे ती परिस्थिती ठेवा आणि खालच्या कोर्टाने अमुक महिन्यांत दावा संपवावा. इथे कुणी जिंकलेलं नसतं आणि कुणी हरलेलंही नसतं. अशा आदेशात बहुतेक वेळा एक ओळ असते की आमची मतं प्राथमिक स्वरूपाची आहेत, खालच्या कोर्टाने त्यांचा प्रभाव पडू न देता निर्णय द्यावा. ती ओळ असेल तर लाल पेनने खूण करा, समोरचा वकील पुढे "हायकोर्टानेच म्हटलंय" असं करायला लागला की कामाला येते.

आता ओळी कशा वाचायच्या

समजा जिल्हा कोर्टाचा आदेश असा आहे:

"अपील अंशतः मंजूर. खालील कोर्टाचा न्यायनिर्णय व हुकूमनामा रद्द करण्यात येतो. दावा मूळ नंबरवर परत घेऊन वादमुद्दा क्रमांक ४ व ५ वर उभय पक्षांना पुरावा देण्याची संधी द्यावी व आदेश मिळाल्यापासून सहा महिन्यांत दावा निकाली काढावा. उभय पक्षांनी दिनांक अमुक रोजी खालील कोर्टात हजर राहावे."

चारच वाक्यं, पण प्रत्येकात काहीतरी करायचं आहे.

"हुकूमनामा रद्द" म्हणजे त्या हुकूमनाम्याच्या जोरावर जे झालं त्याचा पाया गेला. दरम्यान दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावून समोरच्याने ताबा घेतला असेल किंवा तुम्ही पैसे भरले असतील तर सीपीसी कलम १४४ खाली ते पूर्ववत करून मागता येतं. हे कोर्ट स्वतःहून करत नाही, अर्ज द्यावा लागतो आणि तो पहिल्या प्रथम ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला होता तिथेच द्यायचा असतो.

"मूळ नंबरवर" म्हणजे नवा दावा नाही, दाव्याची कोर्ट फी परत भरायची नाही. उलट रूल २३ खाली रिमांड झाली असेल तर अपिलावर भरलेली कोर्ट फी परत मिळण्याचं सर्टिफिकेट अपील कोर्टाकडे मागता येतं, वकिलांना आठवण करा, या गडबडीत ते राहून जातं.

"वादमुद्दा ४ व ५" हे फार महत्त्वाचं. याला मर्यादित रिमांड म्हणतात, खालच्या कोर्टाला या दोन मुद्द्यांच्या बाहेर जाता येत नाही आणि तुम्हालाही बाकीचं भांडण परत उकरता येत नाही. क्रमांक न देता नुसतं "दावा नव्याने निकाली काढावा" असेल तर ती खुली रिमांड, सगळे मुद्दे परत मोकळे. लवकर संपवायचं असेल तर मर्यादित रिमांड बरी, आणि पहिल्या वेळी तुमचा पुरावा कच्चा राहिला असेल तर खुली बरी, असं माझं मत.

"संधी द्यावी" याचा अर्थ जुना पुरावा पुसला असा नाही. रूल २३ मध्येच आहे की आधी नोंदवलेला पुरावा, योग्य हरकती सोडून, पुढेही पुरावा म्हणूनच धरला जातो. म्हणजे तुमचा जो साक्षीदार मधल्या काळात वारला त्याचा सरतपास (त्याला बोलावणाऱ्या बाजूने घेतलेली साक्ष) आणि उलटतपास झालेला असेल तर तो वाया गेला नाही.

"आदेश मिळाल्यापासून सहा महिने" इथे घड्याळ कधी सुरू होतं ते बघा. आदेशाच्या तारखेपासून की आदेश खालच्या कोर्टाला मिळाल्यापासून. दुसरं असेल तर आदेश खाली पोचेपर्यंत घड्याळ बंदच आहे, आणि ज्याला लांबवायचंय तो काहीही न करता शांत बसून ते बंद ठेवतो.

आणि "दिनांक अमुक रोजी हजर राहावे" हे रूल २६-ए प्रमाणे असतं. याचा अर्थ नवीन समन्स येणार नाही. वादी गेला नाही तर दावा गैरहजेरीत काढला जाऊ शकतो, प्रतिवादी गेला नाही तर एकतर्फी. दावा गैरहजेरीत निघाला तर परत घेण्याच्या अर्जाला मुदत फक्त ३० दिवस. दहा वर्षं केस लढवून, अपील जिंकून, मग एक तारीख चुकली म्हणून दावा निघालेला आहे अशी उदाहरणं कोर्टात कुणालाही विचारा, सांगतील.

मान्य करायचं की आव्हान द्यायचं, हे आधी ठरवा

रिमांडचा आदेश पटला नसेल तर थांबू नका. रूल २३ किंवा २३-ए खालच्या रिमांडविरुद्ध ऑर्डर ४३ रूल १-यू प्रमाणे अपील करता येतं, अट एवढीच की त्या अपील कोर्टाच्या हुकूमनाम्याविरुद्धही पुढे अपील चाललं असतं. हायकोर्टात जायचं तर मुदत ९० दिवस, नकल मिळायला लागलेला काळ त्यातून वजा होतो. आणि कलम १०५ पोटकलम २ काय म्हणतं बघा, ज्याला रिमांडविरुद्ध अपील करता येत होतं आणि त्याने केलं नाही, त्याला नंतर "ती रिमांडच चुकीची होती" असं म्हणता येत नाही. म्हणजे खाली परत हरलात की मग बघू, हा विचार डोक्यातून काढा.

आव्हान द्यायला कारण मात्र हवं. पुरावा पुरेसा असेल तर अपील कोर्टाने रूल २४ प्रमाणे स्वतःच निकाल द्यावा, ज्या चुकीने निकालात फरक पडत नाही तेवढ्यासाठी कलम ९९ प्रमाणे केस परत पाठवू नये, आणि सुप्रीम कोर्टानेही उठसूट रिमांड करू नका हे कितीतरी वेळा सांगितलंय. तुमच्या केसमध्ये सगळा पुरावा आधीच आलेला असताना नुसतं "कारणं नीट दिली नाहीत" म्हणून परत पाठवलं असेल तर आव्हानात दम आहे. पण वारसाला पक्षकारच केलं नव्हतं, महत्त्वाच्या कागदाला निशाणी, म्हणजे पुरावा म्हणून नंबर, पडलीच नव्हती, अशा गोष्टी असतील तर वर जाऊन आणखी दोन वर्षं घालवण्यापेक्षा खाली नीट चालवा.

पहिल्या महिन्यातली कामं

खाली जायचं ठरलं की त्याच दिवशी सर्टिफाईड नकलेचा अर्ज करा, न्यायनिर्णय आणि हुकूमनामा दोन्हीचा. वेबसाईटवरून उतरवलेली प्रत वाचायला ठीक, रेकॉर्डवर द्यायला सर्टिफाईडच असू दे.

मग वकीलपत्र. जिल्ह्याला किंवा मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, कोल्हापूर इथे हायकोर्टात ज्यांनी अपील चालवलं ते वकील तालुक्याच्या कोर्टात येणार नाहीत, आणि तालुक्याच्या जुन्या वकिलांनी फाईल कधीच कपाटात टाकलेली असते. त्यांच्याशी बोला, तेच चालवणार असतील तर चांगलंच, नसतील तर नो ऑब्जेक्शन घेऊन नवीन वकीलपत्र लगेच दाखल करा. पहिल्या तारखेला "वकील नेमायला मुदत" मागावी लागली तर सहा महिन्यांतला एक महिना तिथेच गेला म्हणून समजा.

आता सर्वात दुर्लक्षित गोष्ट, आर अँड पी. म्हणजे खालच्या कोर्टाचं मूळ रेकॉर्ड, जे अपिलासाठी वर मागवलेलं असतं. अपील निकाली निघालं तरी तो गठ्ठा लगेच खाली येत नाही, आणि तो नसेल तर न्यायाधीश कशावर चालवणार, रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या तारखेनिहाय नोंदीत, नुसतं "आर अँड पी अप्राप्त" लिहिलं जातं आणि पुढची तारीख पडते, मग परत तेच. म्हणून अपील शाखेत जाऊन विचारा की आदेश आणि रेकॉर्ड पाठवलं का, कोणत्या तारखेला, जावक नंबर काय. तो नंबर घेऊन खालच्या कोर्टाच्या ऑफिसला दाखवला की शोध लवकर लागतो. नसेल पाठवलं तर तसा अर्ज वर द्या. कारकुनाशी भांडण करून काही मिळत नाही, नंबर आणि तारीख विचारणारा माणूस त्यांनाही बरा वाटतो.

रेकॉर्ड यायची वाट न बघता इकडे खालच्या कोर्टात पुरसिस, म्हणजे कोर्टाला माहिती देणारं लेखी निवेदन, द्या. साधी असते, "अपील क्रमांक अमुकमध्ये दिनांक अमुक रोजी झालेल्या आदेशाची सर्टिफाईड नकल सोबत दाखल केली आहे, आदेशात दावा सहा महिन्यांत निकाली काढण्याचे निर्देश आहेत, तरी दावा बोर्डावर घेऊन जवळची तारीख देण्यात यावी." यातून तुम्ही आदेश कोर्टाच्या नजरेस कधी आणला याची लेखी नोंद राहते. मुदतीचा वाद झाला तर ही पुरसिस सगळ्यात जास्त कामाला येते.

सोबत ई-कोर्ट्स ॲपवर सोळा अक्षरी सीएनआर नंबर (केसचा ओळख क्रमांक) टाकून बघा. काही दिवस जुनीच स्थिती, म्हणजे केस डिस्पोज्ड, अशीच दिसत राहते आणि तोवर ती बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या यादीत, येणार नाही. मधल्या काळात कोर्टांची हद्द बदलली असेल, दावा दुसऱ्या न्यायाधीशांकडे वर्ग झाला असेल, तर तेही तिथेच कळतं.

मनाई हुकूम होता का? मूळ दावा चालू असताना मिळालेली तूर्तातूर्त (तात्पुरती) मनाई निकालाबरोबर संपलेली असते, वरची स्थगिती अपिलाबरोबर संपली, आता रिमांडनंतर तुमच्या अंगावर कुठलं संरक्षण आहे? आदेशात "जैसे थे" लिहिलं असेल तर प्रश्न नाही, नसेल तर आपोआप जिवंत झालं असं गृहीत न धरता पहिल्याच तारखेला नवीन अर्ज द्या. जमिनीच्या केसमध्ये हे राहिलं आणि मधल्या महिन्यात समोरच्याने खरेदीखत करून टाकलं की मग नवा पक्षकार, नवी कैफियत (लेखी जबाब), सगळं परत.

आणि कुणी वारलंय का ते बघा, स्वतःच्या बाजूचंही आणि समोरच्याचंही. वारस रेकॉर्डवर आणायची मुदत मृत्यूपासून ९० दिवस, नाहीतर त्याच्यापुरता दावा ॲबेट होतो, म्हणजे आपोआप संपतो, ते रद्द करून घ्यायला पुढचे ६० दिवस आणि त्याहून उशीर झाला तर विलंबमाफी. जुन्या वाटपाच्या दाव्यात चौदा प्रतिवादी असतात, त्यातले कोण आहेत कोण नाहीत याची यादी गावात फिरून आधीच करा.

दावा खरंच पळवायचा असेल तर

सरतपास आता शपथपत्रावर असतो, म्हणजे तुमच्या साक्षीदाराचं शपथपत्र तारखेच्या आधी तयार ठेवता येतं आणि ठेवाच. तलाठी, मोजणी अधिकारी, दुय्यम निबंधक असा सरकारी साक्षीदार हवा असेल तर समन्सचा अर्ज आणि भत्ता पहिल्याच टप्प्यात भरा, त्यांच्या तारखा जुळायला वेळ लागतो.

तारखांबद्दल. ऑर्डर १७ मध्ये एका पक्षकाराला सुनावणीत तीनपेक्षा जास्त तहकुबी देऊ नये असं आहे. प्रत्यक्षात किती पाळलं जातं ते तुम्हाला माहितीये. तरीपण कालबद्ध आदेश असलेल्या केसमध्ये न्यायाधीशांवरही वरचं दडपण असतं, म्हणून समोरच्याने तहकुबी मागितली की प्रत्येक वेळी लेखी हरकत द्या, त्यात आदेशाची तारीख आणि किती महिने उरले ते लिहा, आणि तहकुबी दिलीच तर खर्च बसवायची विनंती करा. तोंडी विरोध हवेत जातो, लेखी हरकत रोजनाम्यात येते. रोजनामा अधूनमधून वाचत जा, उशीर कुणामुळे झाला हे पुढे सिद्ध करायला दुसरं काही नसतं. अर्थात ही तलवार दोन्हीकडून कापते, तुम्ही स्वतः दोनदा तहकुबी घेतली असेल तर तेही तिथेच लिहिलेलं आहे.

सहा महिने संपले आणि केस संपली नाही तर? घाबरू नका, कोर्टाचा अधिकार संपत नाही, दावाही उडत नाही. सहसा खालचे न्यायाधीशच वर पत्र पाठवून मुदतवाढ मागतात, आणि पक्षकारालाही अर्ज करता येतो. मुदतवाढ मिळताना आधीचा वेळ कशात गेला ते विचारलं जातं, तिथे परत तो रोजनामा.

ज्यांच्या आदेशात मुदतच नाही ते विचारतात की हायकोर्टात जाऊन मुदत घालून आणू का. राज्यघटनेच्या कलम २२७ खाली तशा याचिका होतात. पण २९ फेब्रुवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने अलाहाबाद हायकोर्ट बार असोसिएशनच्या केसमध्ये स्पष्ट केलं की दुसऱ्या कोर्टात पडून असलेल्या केसला वरच्या कोर्टांनी सहसा कालमर्यादा घालू नये, अपवादात्मक परिस्थितीतच घालावी, कारण खालच्या कोर्टात कामाचा ढीग किती आहे ते तिथल्या न्यायाधीशांनाच माहीत असतं. त्याच निकालात २०१८ चा तो नियमही गेला की स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठते. म्हणून आधी खालच्याच कोर्टात लवकर सुनावणीचा अर्ज द्या, कारण ठोस लिहा, वादीचं वय ऐंशी, साक्षीदार आजारी, पोटगीवर घर चाललंय असं काहीतरी, वयाचा किंवा आजाराचा कागद जोडा. तो नामंजूर झाला किंवा तसाच पडून राहिला तर वर जायला तुमच्या हातात काहीतरी असेल.

फौजदारी असेल तर

१ जुलै २०२४ पासून सीआरपीसीच्या (फौजदारी प्रक्रिया संहितेच्या) जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली, अपील कोर्टाचे अधिकार तिच्या कलम ४२७ मध्ये आहेत, त्यात शिक्षा रद्द करून फेरखटला चालवायचा आदेशही येतो. फेरखटला क्वचित देतात, आणि दिला तर आरोपीने पहिली गोष्ट बघायची ती जामिनाची, आदेशात काही लिहिलंय का, नसेल तर लगेच अर्ज. यापेक्षा कितीतरी जास्त वेळा होतं ते असं की हायकोर्ट जामीन नाकारतं आणि खटला अमुक महिन्यांत संपवा म्हणतं. तो आदेश त्याच आठवड्यात सेशन्स कोर्टात दाखल करा आणि प्रत्येक तारखेला किती साक्षीदार आले, सरकार पक्षाने किती वेळा मुदत मागितली याची वही ठेवा. खटला लवकर चालणं हा राज्यघटनेच्या कलम २१ मधल्या हक्काचा भाग आहे हे सुप्रीम कोर्टाने १९७९ मध्ये हुसैनारा खातूनच्या केसमध्येच सांगितलंय, आणि मुदत उलटूनही खटला रखडला, तोही तुमच्यामुळे नाही, तर त्या वहीच्या आधारे जामिनाचा नवा अर्ज उभा राहतो.

तडजोडीची वेळ हीच

हे कुणाला आवडत नाही पण लिहितो. रिमांड झाली की दोन्ही बाजूंना आपापल्या केसमधलं भोक कळलेलं असतं, वरच्या कोर्टानेच ते दाखवलेलं असतं. बोलणी करायला यापेक्षा चांगली वेळ पुढे येत नाही. लोकअदालतीत मिटलं तर कोर्ट फी परत मिळते आणि त्या निवाड्यावर अपील नाही, म्हणजे परत वर-खाली होणं बंद. वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा, महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, कोठडीतले आरोपी यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, बाकीच्यांना उत्पन्नाच्या मर्यादेत.

नाही मिटलं तर खाली परत निकाल लागेल, आणि तो नवा हुकूमनामा असतो, त्यावर नव्याने अपील, जिल्हा कोर्टात ३० दिवसांत. जुन्या अपिलाचा नंबर त्यात चालत नाही. त्यामुळे निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज करून ठेवा, जिंकलात तरी, कारण समोरचा अपिलात गेला तर तुम्हालाही ती लागणारच आहे.